आधी पाटी, मग वही

इंदूरहून मुंबईला जाऊन सहाय्यक दिग्दर्शक व्हायचं म्हणणाऱ्यांना वाटतं, दिग्दर्शकाच्या खुर्चीशेजारी बसायचं. बसायला मिळत नाही. सुरुवात बहुतेक वेळा क्लॅपपासून, म्हणजे शॉटआधी वाजवायच्या त्या आकडे लिहिलेल्या पाटीपासून: सीन, शॉट, टेक स्पष्ट म्हणायचे, पाटी फोकसमध्ये धरायची, एकदाच वाजवायची आणि चटकन बाजूला व्हायचं. सुरुवातीची पाटी राहिली, तर शॉट संपताना उलटी धरून वाजवतात. आकडा चुकला तर त्या दिवशी कुणाला कळत नाही. घोळ निघतो एडिटिंगला, आवाज नि चित्र जुळवताना.

खरा कस कंटिन्युइटीत, म्हणजे एका शॉटमधलं दुसऱ्यात तसंच्या तसं जुळवण्यात. आपला इंदूरचा सराफाच घ्या. दिवसा दागिन्यांच्या पेढ्या, रात्री खाऊगल्ली. तिथे गराडू (तळलेला कंद) खाताखाता संवाद असेल, तर मास्टर शॉटमध्ये, म्हणजे अख्खा सीन एकत्र टिपणाऱ्या शॉटमध्ये, द्रोण कोणत्या हातात, कोणत्या शब्दावर तुकडा तोंडात गेला, मागची किती शटरं बंद, हे वहीत टिपायचं, फोटोही काढायचा. क्लोजअप दोन तासांनी लागतो, तोवर द्रोण रिकामा! म्हणून ८-१० द्रोण जास्तीचे आधीच सांगून ठेवायचे.

ब्रेकडाउन, म्हणजे शूटिंगच्या आखणीसाठी पटकथेची फोड, करताना पटकथेचं पान ८ भागांत मोजतात. एक पान म्हणजे ढोबळमानाने पडद्यावरचं एक मिनिट. पण ‘वरात येते’ एवढी एक ओळ अर्धी रात्र खाते, आणि वेळापत्रक कोसळतं ते अशाच ओळींवर. कॉलशीट, म्हणजे कुणी किती वाजता यायचं त्याचा कागद, उलटी मोजत करायची: शॉट ९ वाजता, मेकअप दीड तास, कपडे अर्धा तास, म्हणजे कॉल ७ वाजताचा.