पायरी

आज जेवण झाल्यावर परत तेच स्केच लावलं, कितव्यांदा ते आता आठवतही नाही. १९६६ सालचं, बीबीसीच्या द फ्रॉस्ट रिपोर्ट या विनोदी टीव्ही कार्यक्रमातलं, तीन माणसं एका ओळीत उभी, बाकी काही नाही. एका टोकाला जॉन क्लीज, सहा फूट पाच इंच, डोक्यावर बोलर हॅट, मधे रॉनी बार्कर आणि दुसऱ्या टोकाला रॉनी कॉर्बेट, पाच फूट एक इंच, साधी टोपी आणि गळ्यात मफलर. उच्च वर्ग, मध्यम वर्ग, कामगार वर्ग, आणि कोण कोणाकडे वर बघतो, कोण खाली, एवढंच. लिहिलं मार्टी फेल्डमन आणि जॉन लॉ यांनी.

त्याआधी १९६२-६३ मध्ये याच कार्यक्रमाचा सूत्रधार डेव्हिड फ्रॉस्ट दर शनिवारी रात्री दॅट वॉज द वीक दॅट वॉज या टीव्ही कार्यक्रमातून तेव्हाचे पंतप्रधान मॅकमिलन यांच्या सरकारची सालटी काढायचा, धाडसीच होतं ते, पण त्यातले बरेच जोक कळायला आधी तेव्हाचे मंत्री माहीत हवेत. इथे एकाही मंत्र्याचं नाव नाही, नुसती उंची आणि वळणारी मान, आणि इंग्लंडची अख्खी उतरंड समोर उभी राहते. कॉर्बेट परत परत म्हणतो की मला माझी पायरी माहितीये. पायरी! आजी अगदी हाच शब्द वापरायची.

आणि पडद्यामागे पण तेच. त्या टीममधले बहुतेक जण ऑक्सफर्ड-केंब्रिजचे, हे दोन रॉनी मात्र युनिव्हर्सिटीत न गेलेले, कॉर्बेटचे वडील तर बेकरीत काम करणारे, आणि त्यामुळेच दोघांचं जमलं, पुढे १९७१ पासून दोघांचा स्वतःचा कार्यक्रम, द टू रॉनीज, किती वर्षं चालला.

मला मात्र आज मधल्या बार्करवरून नजर हलवता येईना. वर बघताना त्याचा चेहरा वेगळा, खाली बघताना वेगळा, मधे एक सेकंदही जात नाही. सकाळी मीटिंगमध्ये साहेब बोलले तेव्हा मी मान खाली घालून हो हो केलं आणि दहा मिनिटांत चहा आणणाऱ्या पोराला त्याच आवाजात झापलं, कारण काय तर साखर जास्त. तो काहीच बोलला नाही.

स्केचमध्ये कॉर्बेट एकदा म्हणतो की मी गरीब असलो तरी प्रामाणिक आहे, मनात आणलं तर मीही या दोघांकडे तुच्छतेनं बघू शकतो, पण बघत नाही. तिथेच पॉज केलं आज.

दोन वर्षं झाली, पोराचं नाव मला माहीत नाही. उद्या मीटिंगच्या आधी खाली टपरीवर जाऊन येणार.