तुम्ही विचारलंत म्हणून: हिकरीला पाणी किती घालायचं?

"हिकरी लावून दोन वर्षं झाली, उन्हाळाभर रोज पाणी घालतो, तरी रोप वीतभरच आहे. काय चुकतंय?" अमेरिकेत ओहायो, पेन्सिल्वेनिया, न्यू जर्सीकडे अंगण असलेल्या मराठी घरांतून हा प्रश्न वारंवार येतो.

रोप बहुधा ठीक असतं. चुकतं ते रोजचं पाणी. हिकरी हे अक्रोडाच्या कुळातलं, सोटमुळाचं झाड. शॅगबार्क या जातीच्या हिकरीचं रोप पहिल्या वर्षी जमिनीवर जेमतेम तीन इंच दिसतं, तेव्हा मूळ फूटभर खाली गेलेलं असतं. तिसऱ्या वर्षापर्यंत ते दोन-तीन फुटांवर पोचतं. रोज झारीभर शिंपडलेलं पाणी वरच्या दोन-तीन इंचांतच मुरतं आणि उडून जातं. चिकण मातीत तर उलटा त्रास होतो: वरचा थर सतत चिखल राहतो, मुळांना हवा मिळत नाही, पानं पिवळी पडून गळू लागतात. ते पाहून माणूस पाणी आणखी वाढवतो आणि रोप जातं. कोरड पडली की पानांच्या कडा आधी तपकिरी होऊन कुरकुरीत होतात. पण मुळं कुजली तरी शेवटी पान सुकतंच, त्यामुळे पानावरून निर्णय घेऊ नका. माती उकरून बघा.

पाच-सहा इंच खोल माती काढून मुठीत दाबा. गोळा होऊन बोटाला ओल लागली तर पाणी नको. माती भुसभुशीत पडली तर द्या. मुळांना वाफसा हवा असतो, म्हणजे ओल आणि हवा दोन्ही.

द्यायचं किती? बुंध्याभोवती तीन फूट व्यासाचं आळं करा. तेवढ्या जागेवर एक इंच पाऊस म्हणजे साधारण साडेचार गॅलन, सतरा लिटर. पाच गॅलनची बादली घ्या, तळाजवळ बारीक भोक पाडा, आळ्यात ठेवा आणि भरा. हळूहळू झिरपणारी ही एक बादली लावल्यापासून पहिले दोन उन्हाळे आठवड्यातून एकदा पुरे. त्या आठवड्यात इंचभर पाऊस झाला असेल तर तीही नको. पर्जन्यमापक नसेल तर सरळ बाजूंचा डबा उघड्यावर ठेवून पट्टीनं मोजा. रेताड मातीत इंचभर पाणी फूटभर खाली जातं, चिकण मातीत जेमतेम चार-पाच इंच. म्हणून चिकण मातीत पहिली बादली पुरती मुरू द्या, काही तासांनी दुसरी ठेवा, मग दहा-बारा दिवस हात लावू नका. तिसऱ्या वर्षापासून फक्त लांबलेल्या कोरड्या काळात पाणी द्यावं.

आळ्यावर लाकडाच्या चिपांचं तीन इंच आच्छादन हवंच. बुंध्याला मात्र चिकटवू नका, चार बोटं जागा मोकळी ठेवा. खोडाशी रचलेल्या ढिगामुळे साल कुजते आणि हिवाळ्यात उंदीर तिथे बसून ती कुरतडतात. आळ्यात हिरवळही नको. कोवळ्या रोपाचं पाणी गवत आधी पिऊन टाकतं.

जातही जागेप्रमाणे निवडा. शेलबार्क आणि बिटरनट ओलसर सखल जमिनीत सुखानं वाढतात. पिगनट, मॉकरनट कोरड्या उतारावर तग धरतात. शॅगबार्क मधली, पण पाणी तुंबलेलं तिला चालत नाही. फळ खायचं असेल तर शॅगबार्क किंवा शेलबार्क घ्या, बिटरनट नावाप्रमाणे कडू.

बियांपासून लावणार असाल तर शरद ऋतूत पडलेली फळं गोळा करून वरचं जाड साल काढा आणि पाण्यात टाका. तरंगतील ती बहुधा पोकळ किंवा सोंडकिड्यानं खाल्लेली, ती फेका. बुडालेली तेव्हाच जागेवर दीड इंच खोल पेरा आणि अर्ध्या इंचाची तारेची जाळी कडा जमिनीत दाबून बसवा, नाहीतर खारी एकही ठेवणार नाहीत. लगेच न पेरता फ्रिजमध्ये ठेवायची तर दमट वाळूत, १ ते ४ अंश सेल्सिअसला, तीन ते पाच महिने. कोंब दिसायला मे उजाडतो, कधी जून. हरभऱ्यासारख्या हिच्याही डाळी जमिनीतच राहतात आणि मूळ आधी खाली जातं. उगवलं नाही म्हणून उकरलंत तर तेच मूळ मोडतं. मोठी रोपंसुद्धा वसंतात उशिरा पालवतात, एप्रिलमध्ये काडी दिसली तरी उपटू नका.

कुंडीत ठेवायचं असेल तर किमान चौदा इंच खोल कुंडी घ्या आणि पहिल्याच वर्षी जमिनीत हलवा. तळाशी गोल फिरलेलं सोटमूळ पुढे सरळ होत नाही. हरणं असतील तिथे पाच फुटी जाळीचं कुंपण आधी, झाड नंतर.

पुण्यात होईल का, असंही विचारतात. नाही, हिला लांब, कडक थंडी लागते. तिचीच बहीण पेकान हिमाचलात होते.

अंगणात आधीपासून उभी असलेली मोठी हिकरी वेगळी. तिला एरवी पाणी लागत नाही. पण तीन-चार आठवडे पाऊस नसेल तर द्यावं, कारण कोरडीनं अशक्त झालेल्या झाडावरच सालीतला हिकरी भुंगा तुटून पडतो. पाणी बुंध्याशी नव्हे, फांद्यांच्या घेराखाली आणि थोडं बाहेर, झिरपणारा पाइप काही तास ठेवून द्या. माती आठ-दहा इंच ओली व्हावी. त्याच घेरात डेकचा पाया खणू नका, मातीचा भराव टाकू नका आणि कंत्राटदाराचा ट्रक उभा राहू देऊ नका. दाबल्या गेलेल्या मातीत कितीही पाणी ओतलं तरी मुळांना श्वास मिळत नाही, आणि असं झाड दोन-तीन वर्षांनी शेंड्याकडून वाळायला लागतं.