"वजनामुळेच झाला ना?"

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. कॅन्सर झाल्यापासून ठाण्यात तलावपाळीच्या फेरीत, राम मारुती रोडवर, सोसायटीच्या बाकावर, तीन वर्षं हाच प्रश्न ऐकतेय. आवाज काळजीचा आणि नजर माझ्या कमरेवर. तंबाखू खाणाऱ्यालाही कुणी इतकं तोंडावर विचारत नाही.

तर, हो. बहुधा हो. आधी मी "छे हो, नशीब" म्हणायचे आणि वॉर्डातल्या समोरच्या खाटेवरच्या काडीसारख्या बाईचा दाखला द्यायचे. तिलाही माझाच आजार होता, गर्भाशयाच्या अस्तराचा कॅन्सर. एका बाईवरून काही सिद्ध होत नाही, हे तेव्हाही कळत होतं. बारीक बायकांना तो होतो, जाड बायकांना जास्त होतो. पाळी गेल्यावर बीजकोश थंडावतात, चरबी मात्र अस्तर वाढवणारं इस्ट्रोजेन हे संप्रेरक बनवतच राहते. त्याला आवर घालणारं दुसरं संप्रेरक, प्रोजेस्टेरॉन, उरलेलं नसतं, मग अस्तर वाढत जातं. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१६ साली जादा चरबीशी संबंध असलेले १३ कॅन्सर सांगितले. मोठं आतडं, मूत्रपिंड, स्वादुपिंड, पाळी गेल्यानंतरचा स्तनाचा, असे. त्यात सगळ्यात घट्ट नातं माझ्या कॅन्सरचं. बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजनाचा आकडा, ४० च्या पुढे गेला की धोका सुमारे सातपट. माझा ३८ होता. हे मी "फक्त ३८" असं सांगायचे, जणू दोन मार्कांनी पास झाले होते.

आता तुम्ही न विचारलेलं सांगते.

कॅन्सर कळला त्याच्या आदल्या वर्षी गुडघा दुखतो म्हणून एका दवाखान्यात गेले होते. काटा बाहेरच, रांगेतल्या बाकासमोर. तिथल्या मुलीने आतल्या टेबलापर्यंत ऐकू जाईल असं ओरडून सांगितलं, "ब्याण्णव!" बाकावरचा एक मुलगा हसला. डॉक्टरांनी गुडघ्याला हातही लावला नाही. "आधी वजन कमी करा, मग या." 

म्हणून पाळी जाऊन तीन वर्षं झाल्यावर डाग दिसला, तेव्हा मला कॅन्सर आठवला नाही, तो बाक आठवला. पाळी गेल्यावर एक थेंबही दिसला तरी दाखवायचं असतं, हे मी कुठेतरी वाचलेलं होतं. बहुतेक वेळा कॅन्सर निघत नाही, हेही वाचलं होतं, आणि तेवढंच धरून बसले. मेडिकलमध्ये "मुलीसाठी" म्हणून पॅड घ्यायचे. मला मुलगी नाही. असे सात महिने काढले. मी, शाळेत पंचवीस वर्षं विज्ञान शिकवलेली बाई.

शेवटी नौपाड्यात नणंदेकडे हळदीकुंकवाला गेले आणि उठले तर सोफ्याच्या फिकट कव्हरवर डाग. भर बायकांत. नणंदेने त्यावर पटकन उशी टाकली, मला आत नेलं, तिची साडी नेसायला दिली. काही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी रिक्षा घेऊन दारात हजर. सोनोग्राफीत अस्तर १४ मिलिमीटर निघालं, मग बायोप्सी, मग पिशवी काढली, बीजकोशांसकट. पहिल्या टप्प्यातच सापडला, वाचले.

त्या सात महिन्यांचा दोष दवाखान्यावर टाकायचा, की माझ्या तोंडावर? रोज वेगळं उत्तर येतं. "मीच लपवलं" म्हणाले की तो बाक आठवतो. बाकावर ढकललं की पॅड घेताना सफाईने बोललेली थाप आठवते.

आणि तीच नणंद आता दर भेटीत विचारते, "वहिनी, वजनामुळेच झाला ना गं?" मला फार लागायचं. वाटायचं, हिनेसुद्धा? परवा कळलं, तिच्या लेकीची पाळी चार-चार महिने येत नाही, वजन पंच्याऐंशी. बीज वेळेवर सुटत नसेल तर प्रोजेस्टेरॉन तयार होत नाही, आणि अस्तर तिशीतही साचतं. विचारताना तिच्या डोळ्यांसमोर मी नव्हतेच.

"हो" म्हणाले, तर पोरगी उद्यापासून घरच्या काट्यावर आणि सगळ्यांच्या जिभेवर. "नाही" म्हणाले, तर खोटं. मी म्हटलं, "तिला माझ्याकडे पाठव, आम्ही दोघी डॉक्टरकडे जाऊन येऊ." नणंद म्हणाली, "आधी जरा वजन उतरू दे, मग नेऊ."