पडद्यामागची आतांग

मंगळवार, रात्रीचे साडेबारा

झोप येत नाहीये. संध्याकाळपासून डोक्यात एकच बाई आहे, आतांग दे ला रामा. मनिलाची. फिलिपिनो माणसांनी स्वतः बनवलेला पहिला मोठा सिनेमा आला १९१९ मध्ये, ‘दालागांग बुकिद’, म्हणजे खेड्यातली पोरगी, होसे नेपोमुसेनोने काढलेला, आणि त्यात फुलं विकणारी आंजेलिता झालेली ही, वय सतराएक. तिला एका म्हाताऱ्या सावकाराच्या गळ्यात बांधायला निघालेत आणि तिचा जीव दुसऱ्यावरच. स्टोरी आपल्याला नवीन नाही म्हणा.

मूळचं ते सारसुएला, म्हणजे आपलं संगीत नाटक असतं ना साधारण तसंच, आणि स्टेजवर पण तीच करायची. आता गंमत अशी की गाणं तर हिट झालेलं आणि सिनेमा मुका! मग काय, शो चालू असताना ही थिएटरात पडद्यामागे उभी राहून ‘नाबासाग आंग बांगा’ गायची, लाईव्ह. नावाचा अर्थ मातीचा घडा फुटला. मला लगेच आपल्या गौळणी आठवल्या, तिथे पण घागर फुटल्याशिवाय गाणं पुढे सरकत नाही.

शाळेत गॅदरिंगला नाचायच्या दुसऱ्या मुली आणि मी विंगेत माइक धरून गायचे. आईने नवी साडी नेसून येऊन विचारलं होतं, तू होतीस कुठे? तेव्हा फार लागलं होतं. पण हिचं तर अजबच, पुढे पण हीच आणि मागे पण हीच.

त्या सिनेमाची एकही प्रिंट आज शिल्लक नाही. गाणं राहिलं. आणि खरं सांगू का, सगळे तिला पहिली हिरॉईन पहिली हिरॉईन म्हणतात पण मला वाटतं ती मुळात गाणारीच. कुंदिमान, म्हणजे त्यांची ती जीव पिळवटणारी प्रेमाची गाणी, त्यांची राणीच म्हणायचे तिला. अमेरिकन राज्य होतं, शहरात नवीन नवीन करमणूक येत होती आणि ही बाई आपलं कुंदिमान आणि सारसुएला धरून बसली, हवाई, शांघाय, टोकियोपर्यंत जाऊन तिकडच्या फिलिपिनो लोकांसमोर गायली. नवरा आमादो हेर्नांदेस, लेखक आणि कामगार पुढारी, १९५१ मध्ये त्याला पकडलं, पाचेक वर्षं आत. तो १९७० मध्ये गेला, १९७३ मध्ये त्याला राष्ट्रीय कलाकार केलं आणि हिला मिळाला तो मान १९८७ मध्ये! पंच्याऐंशी वर्षांची झाल्यावर. नाटक आणि संगीतासाठी. म्हणजे त्यांनाही तेच वाटलं असणार.

एक मात्र सुटत नाहीये. पडद्यावर तिचे ओठ हलायला लागले की मागून बरोबर आवाज निघायला हवा, ते ती कसं पकडत असेल? कोणी खूण करत असेल, की तिला मागून दिसत असेल ते सगळं? आणि दिसत असेल तर उलटं दिसणार ना, डावा हात उजवीकडे, फुलांची टोपली भलत्याच बाजूला.