क्लाँगोजचा स्क्रम
आयर्लंडच्या किल्डेअर परगण्यातली क्लाँगोज वुड ही जेझुइट या कॅथलिक धर्मसंघाची, १८१४ साली सुरू झालेली मुलांची निवासी शाळा. वयानुसार तिथे तीन ‘लाइन’ असतात: थर्ड, लोअर, हायर. प्रार्थना, अभ्यास आणि रग्बी.

रग्बीत खरी कसोटी स्क्रमची, म्हणजे चेंडूसाठी दोन्ही संघांनी वाकून एकमेकांना रेटण्याची. आठांसमोर आठ. ‘क्राउच, बाइंड, सेट’ या हाकांवर पहिल्या फळ्या भिडतात. प्रॉपची, म्हणजे पहिल्या फळीतल्या कडेच्या खेळाडूची, पाठ सपाट हवी. खांदे कमरेखाली गेले की स्क्रम कोसळतो आणि सगळा भार मानेवर येतो. पोरांना हे आधी शिकवायलाच हवं! म्हणूनच एकोणीस वर्षांखालच्या सामन्यांत दीड मीटरपलीकडे रेटायला मनाई आहे.

चिखलात भिजलेल्या बुटांत रात्री वर्तमानपत्राचे बोळे कोंबावेत. हीटरवर वाळवले तर कातडं तडकतं.