तिथीने चालणारी वारी: आळंदी ते पंढरपूर

आषाढ शुद्ध एकादशीला भगवान विष्णू क्षीरसागरात शेषावर निजतात आणि कार्तिक शुद्ध एकादशीला उठतात. मधले चार महिने चातुर्मास. सूर्य दक्षिणेकडे वळलेला असतो, देवांची रात्र सुरू होत असते आणि नेमक्या त्याच वेळी आम्ही ज्ञानेश्वर माउलींच्या पालखीबरोबर आळंदीहून चालत पंढरपुरात पोहोचतो. ही वेळ तारखेने ठरत नाही, तिथीने ठरते. म्हणून पहिल्यांदा येणाऱ्याने रजा, कपडे, पायताण सगळं पंचांग उघडूनच ठरवावं.

चांद्रवर्ष 354 दिवसांचं, सौरवर्ष 365 दिवसांचं. त्यामुळे एकादशी दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकते आणि अधिक मास आला की एकदम अठरा-एकोणीस दिवस पुढे जाते. 2023 साली आषाढी 29 जूनला होती, 2024 ला 17 जुलैला, 2025 ला 6 जुलैला. 2026 साली अधिक ज्येष्ठ आल्याने ती 25 जुलैला, आणि पालखीचं आळंदीहून प्रस्थान अर्थातच निज ज्येष्ठात, म्हणजे अधिक महिन्यानंतरच्या नेहमीच्या ज्येष्ठात. जूनमधल्या वारीत पुणे-सासवड वाटेवरच्या दिवे घाटात ऊन भाजून काढतं, जुलैअखेरच्या वारीत राहुटीखाली चिखल असतो. दोन्हींची तयारी वेगळी.

तिथीही सारख्या लांबीची नसते. चंद्र कधी जलद चालतो, कधी सावकाश, त्यामुळे एखादी तिथी वीस तासांच्या आत आटोपते, एखादी सव्वीस तासांवर जाते. क्षय-वृद्धी आली, म्हणजे एखादी तिथी गळली किंवा दोन दिवस आली, की लोणंद किंवा फलटणचा मुक्काम घटतो-वाढतो. गेल्या वर्षीचं वेळापत्रक हाताशी धरून वाटेत गाठ घालायला येणारे नातेवाईक इथेच चुकतात. पत्रक त्याच वर्षीचं घ्यावं. पंचांगात स्मार्त आणि भागवत अशा दोन एकादशा दिसल्या तर वारकऱ्यांची भागवत.

माउलींचं प्रस्थान ज्येष्ठ वद्य अष्टमीला. नवमीला पालखी पुण्यात, दशमीला तिथेच, आणि एकादशीला सासवड. म्हणजे वाटेतला सर्वांत मोठा टप्पा, तीसेक किलोमीटर आणि वर दिवे घाट, नेमका उपवासाच्या दिवशी! रथाला घाटात जादा बैलजोड्या जुंपतात; माणसाने मात्र आपल्याच पायावर चढायचं. सकाळी साबुदाण्याची खिचडी भरपेट खाल्ली की चढावर जड होते. आम्ही राजगिऱ्याचे लाडू, केळी आणि शेंगदाणे-गूळ थोडं थोडं खातो. घाम फार गेला तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सपाट सहा चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ. चमचा चहाचा, आणि मीठ त्याहून जास्त नको.

दिंडीत, म्हणजे एकत्र चालणाऱ्या वारकऱ्यांच्या गटात, नाव घालताना भिशी (दिंडीच्या खर्चाची वर्गणी) किती, त्यात जेवण, राहुटी, सामानाचा ट्रक आणि परतीचं भाडं धरलंय का, हे विचारून घ्यावं. ट्रक वेगळ्या रस्त्याने पुढे जातो आणि संध्याकाळपर्यंत दिसत नाही. पावसाचा प्लॅस्टिकचा कागद, पाणी, औषध, ओळखपत्र खांद्याच्या झोळीतच हवं. पिशवीवर नाव आणि दिंडीचा नंबर लिहावा, पण नुसता नंबर पुरत नाही. दिंड्या रथापुढे आणि रथामागे वेगवेगळ्या मोजतात, त्यामुळे बारा नंबर दोन असतात. चुकलेली आजी ‘बारा नंबर’ एवढंच सांगते आणि भलत्याच तळावर पोहोचते. ‘रथामागे बारा’ असं तिच्याकडून घोकून घ्यावं, शिवाय चिठ्ठी कनवटीला लावून द्यावी.

पायांची गोष्ट साधी आहे. नवीन चप्पल-बूट आणू नयेत; दोन महिने वापरून मऊ झालेले असावेत. फोड येतात ते ओल्या कातडीवर घासून, म्हणून पाऊस थांबला की मोजे बदलावेत आणि रात्री पाय कोरडे करून खोबरेल लावावं. मांड्या सोलवटतात, तिथेही तेच. फोडात सुई-दोरा ओवून ठेवणारे बरेच भेटतील. त्यांचं ऐकू नये, वाटेवरचा चिखल त्याच दोऱ्यातून आत जातो.

चालण्याला शिस्त आहे. पुढे पताका, मग टाळकरी, पखवाजवाले, डोईवर तुळस घेतलेल्या माउल्या आणि विणेकरी. वीणा जमिनीला टेकत नाही, एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जाते. मुक्कामाच्या तळावर समाजआरतीला सगळ्या दिंड्या जमल्या की चोपदार दंड उंचावतात आणि हजारो टाळ एका क्षणात थांबतात. ज्या दिंडीची तक्रार असेल ती टाळ वाजवतच राहते. चोपदार तिकडे जातात, म्हणणं ऐकून निवाडा होतो. मग हरवल्या-सापडल्याची यादी आणि उद्याची निघायची वेळ. दमलो म्हणून ही आरती चुकवू नये, दुसऱ्या दिवसाचं सगळं इथेच कळतं.

रिंगण म्हणजे वारकऱ्यांनी मोकळ्या ठेवलेल्या वाटेतून माउलींचे अश्व धावतात तो सोहळा. चांदोबाचा लिंब या ठिकाणी पहिलं उभं, म्हणजे सरळ रांगांमधलं, रिंगण रस्त्यावरच होतं, गोल रिंगणं पुढे माळशिरसच्या बाजूला. घोडा आला की पुढे झेपावायचं नाही. टापांखालची माती कपाळाला लावायची ती दोन्ही अश्व निघून गेल्यावर. गर्दी आत सरकली की रिंगणाची वाट अरुंद होते आणि वळणावर घोडा बिचकतो.

आता पंढरपूरचं. विश्वाचा स्वामी निजायचा तो हा दिवस, पण पंढरीत यात्रेआधीच विठ्ठलाचा पलंग काढतात. शेजारती बंद, दर्शन चोवीस तास. पाठीशी कापसाचा लोड देतात आणि देव उभाच. आम्हाला या सणाचं सगळ्यात मोठं वाटतं ते हेच: झोपेच्या एकादशीला तो लेकरांसाठी जागा राहतो. यात्रा सरल्यावर प्रक्षाळपूजा होते, देवाचा शीण जावा म्हणून अंगाला तेल, पायाला लिंबू-साखर चोळतात, रात्री काढा देतात आणि पलंग परत येतो.

एकादशीचं दर्शन झालं की बहुतेक मंडळी एसटी गाठतात. जमलं तर पौर्णिमेच्या गोपाळपूरच्या काल्यापर्यंत थांबावं. काला घेतल्याशिवाय वारी पुरी होत नाही, शिवाय तोवर स्टँडवरची गर्दीही ओसरते. आणि ज्यांच्या पायांत अजून बळ आहे त्यांनी परतीच्या वारीचा विचार करावा. माणसं थोडी, टप्पे लांब, आळंदी दहा-अकरा दिवसांत.