लाकडी बदकाची दोरी

बदकांची शिकार सकाळीच आटोपते. दुपार जाते ती दोऱ्या सोडवण्यात. उडत्या थव्याला भुलवून खाली उतरवायला पाण्यावर सोडलेली दोन डझन लाकडी बदकं, प्रत्येकाच्या पोटाला एक दोरी आणि दोरीच्या टोकाला शे-दोनशे ग्रॅमचं वजन. पहाटेच्या गारठ्यात बोटं बधिर झालेली असतात, त्यामुळे दोरी बुडाशी नीट गुंडाळायचा कंटाळा येतो आणि बदकं तशीच पोत्यात कोंबली जातात. मग दुपारी पोतं उलटं केलं की चोवीस बदकांचा मिळून एकच गोळा बाहेर पडतो.

या खेळात कौतुक होतं ते बंदुकीचं आणि फार तर कुत्र्याचं. दोरीकडे कुणी ढुंकून बघत नाही. पण दोरी आखूड पडली तर भरतीचं पाणी चढताच वजन तळ सोडतं आणि बदक वाऱ्यावर निघून जातं. फार लांब ठेवली तर ते शेजाऱ्याच्या गळ्यात गळा घालतं. पाण्याच्या खोलीच्या दीडपट धरावी, वारा जोराचा असला तर आणखी हातभर सोडावी. रंग काळपट किंवा मातकट असावा. पांढरी नायलॉनची दोरी नितळ पाण्यात वरून स्पष्ट दिसते, आणि बदकांना तर वरूनच बघायचं असतं.

लाकडी बदक हुबेहूब असावं असा नवख्यांचा आग्रह असतो. डोळ्यातली बाहुलीसुद्धा रंगवतात बिचारे. उडत्या बदकाला ती बाहुली दिसत नाही, दिसते ती चमक. तेलकट रंगाची पाठ उन्हात लखलखली की थवा तिथूनच वळतो, म्हणून रंग बिनचकाकीचा हवा. रात्रीत पाठीवर दंव गोठलं असेल तर तेही पुसायला हवं, नाहीतर बदकांच्या जागी पांढरे धोंडे तरंगताना दिसतात. याहून महत्त्वाची मान. निर्धास्त बदक मान आखडून बसतं, भ्यायलेलं बदक ती ताठ करतं. चोवीसच्या चोवीस बदकं माना उंचावून बसवली, तर वरून जाणाऱ्यांना आपणच धोक्याची सूचना दिली असं होतं. दोनचार तरी चोच पाठीत खुपसून झोपलेली हवीत.

ही युक्ती आजची नाही. 1924 साली अमेरिकेतल्या नेवाडा राज्यात, लव्हलॉक गुहेत, लव्हाळ्याची वळलेली अकरा बदकं सापडली. सुमारे दोन हजार वर्षं जुनी. काहींवर रंग आहे, पिसं खोचलेली आहेत, आणि बदकाची जातही ओळखू येते. कॅनव्हासबॅक. उतरती चोच आणि कपाळ एका रेषेत. वळणाऱ्यानं ती रेष बरोबर धरली आहे. त्याच्याही दोऱ्यांचा गुंता होत असणारच.

आता मांडणी. बदक उतरतं ते वाऱ्याला तोंड देऊन, म्हणून लपणीत, म्हणजे शिकाऱ्याच्या आडोशात, बसताना वारा पाठीवर घ्यायचा. लाकडी बदकं दोन-दोन मीटर अंतरानं, थोडी विस्कळीत पसरायची. दाटीवाटीनं बसलेली बदकं घाबरलेली दिसतात. मधोमध वीसपंचवीस मीटरवर एक मोकळी जागा सोडायची, कारण पाहुण्यांना उतरायला अंगण लागतं. वारा पडला असेल तर पाणी आरशासारखं होतं आणि सगळा देखावा मेल्यासारखा वाटतो. अशा वेळी एका बदकाला लांब दोरी बांधून लपणीतून हिसके द्यावेत. नुसत्या तरंगांनी काम होतं.

सगळ्यात लांबचं बदक पस्तीस मीटरवर, पावलांनी मोजून ठेवायचं. पाण्यावर अंतराचा अंदाज हमखास चुकतो आणि साठ मीटरवरचा पक्षी चाळीसवर वाटतो. ते शेवटचं लाकडी बदक म्हणजे वेस. तिच्या पलीकडे बार नाही. लांबून छर्रे विरळ पसरतात, एखाददुसरा लागतो, पक्षी पडत नाही आणि दूरच्या गवतात जाऊन दोन दिवसांनी मरतो. लाकडी बदकांची फसवणूक असते ती पक्ष्याला इतकं जवळ आणण्यासाठी, की मारायचंच झालं तर तो एका बारात पडावा. खोटेपणा आणि दयामाया अशी एकाच दोरीला बांधलेली दुसरीकडे फारशी दिसत नाही.

बदकाचा आवाज काढून थव्याला बोलावायच्या शिट्टीबद्दल मात्र न बोललेलं बरं. तरी बोलतो. मॅलर्ड या रानबदकाचा तो ओळखीचा खणखणीत ‘क्वॅक’ मादीचा असतो, नराचा आवाज घोगरा आणि दबका. मादीचा आवाज पहिल्या सुरावर चढतो आणि मग उतरत जातो. हे पाच सूर जमले की माणसाला वाटतं, आपण गवई झालो. थवा सरळ चोच रोखून येत असताना गप्प बसायचं असतं. शेपट्या दिसू लागल्या, म्हणजे तो निघून चालला, की मगच हाक द्यायची. बहुतेकजण नेमकं उलट करतात. शिवाय तोंड वर करून बघतात, आणि रानात माणसाच्या चेहऱ्याइतकं उजळ काही नसतं. टोपीच्या कडेखालून बघावं.

बार काढताना थव्यावर काढू नये, एकच पक्षी निवडावा. मॅलर्ड ताशी साठसत्तर किलोमीटरनं उडतो. तीस मीटरवरून तो आडवा जात असेल तर छर्रा पोचेपर्यंत दीडेक मीटर पुढे गेलेला असतो. म्हणून बंदूक पक्ष्याच्या मागून पुढे फिरवत आणायची आणि चाप ओढल्यावरही फिरतीच ठेवायची. ती थांबली की छर्रे शेपटीमागे जातात. अमेरिकेत 1991 पासून पाणपक्ष्यांच्या शिकारीत शिशाचे छर्रे बंद आहेत. बदकं अन्न दळण्यासाठी खडे गिळतात, त्यांबरोबर तळातले छर्रेही पोटात जातात आणि शिसं हळूहळू भिनतं. पोलादी छर्रा हलका, वेग लवकर गमावतो, म्हणून दोन आकारांनी मोठा घ्यावा लागतो. पोलाद दूर मारत नाही अशी कुरकुर करणारे मुळातच फार लांबून मारत असतात, असं माझं प्रामाणिक मत आहे. त्याच देशात जिवंत पाळीव बदकं बांधून थवे बोलावणं 1935 मध्ये बंद झालं, दाणे टाकून भुलवणंही. लाकडी बदकाला मात्र कुणी हात लावला नाही.

पक्षी पडला की नजर हलवायची नाही. पलीकडच्या काठावरचं एखादं झाड त्याच्या रेषेत धरून ठेवायचं आणि नुसता जखमी असेल तर बाकी सगळं सोडून आधी त्याच्या मागे जायचं. जखमी बदक पाण्याशी सपाट होऊन, मान लांबवून, फक्त चोच वर ठेवून तरंगतं. एवढ्याशा लाटेतही ते दिसत नाही. कुत्र्याला वास लागतो, तोही वाऱ्याच्या खालच्या बाजूनं सोडला तर. शोधूनही मिळालं नाही तर ते त्या दिवशी मारलेल्या बदकांच्या हिशेबात धरायचं. कायदा काय म्हणतो ते निराळं.

पुष्कळ सकाळी बार होतच नाही. उजाडायच्या आधीच्या अंधारात सगळी बदकं काळीच दिसतात, नर-मादीसुद्धा कळत नाही. पंखांची शीळ मात्र डोक्यावरून जाते आणि तीवरून जात ओळखायचा खेळ खेळता येतो. मग पूर्व तांबूस होते, एखादं चक्रांग बदक सरळ लाकडी बदकांच्या मधोमध येऊन उतरतं, शेजारच्या लाकडाकडे जरा वेळ बघतं आणि खुशाल पोहत राहतं. पाण्यावर बसलेल्या पक्ष्यावर बार काढायचा नसतो. त्याला उठवायला हवं, पण हात उचलावासा वाटत नाही.

गुंता सुटला की बदकं मोजायची. चोवीस नेली होती, तेवीस भरतात. पुन्हा मोजायची. तेवीसच.